वारा, झेपेलिन आणि पूल : फुटेज शोधाच्या प्रकल्प नोंदी

५ जानेवारी

रफ कट (चित्रपटाची पहिली, कच्ची जोडणी) हातात आला. नव्वद मिनिटांचा माहितीपट, विषय माणूस आणि वारा. सुरुवात राइट बंधूंपासून, मधे आगीत जळालेलं हिंडेनबर्ग हे झेपेलिन, म्हणजे हवाई जहाज, शेवटी वाऱ्याने पडलेला अमेरिकेतला टॅकोमाचा पूल. जुनं फुटेज भरपूर आहे आणि ते सगळंच्या सगळं यूट्यूबवरून उतरवलेलं. त्याबद्दल तक्रार नाही. संकलकाला लय बसवायची असते, मिळेल ते लावून तो पाहतो. फुटेजवाल्यांना बोलावतात ते कट जमल्यावर. मग जमलेल्या कटातलं काही मिळत नाही, काही परवडत नाही आणि काही तर भलतंच निघतं.

तक्ता उघडला. प्रत्येक शॉटला एक ओळ: कटमधला टाइमकोड, लांबी, दिसतं काय, कुठून उतरवला, कोण विकतंय, मालक कोण, मास्टर (मूळ प्रत) कुठे आहे, परवाना कुठवर आला. ‘कोण विकतंय’ आणि ‘मालक कोण’ हे स्तंभ मी कायम वेगळे ठेवते. फुटेज विकणाऱ्या एजन्सीच्या संकेतस्थळावर क्लिप दिसली म्हणजे ती त्यांची असं धरून चालणारे लोक या धंद्यातही आहेत.

आणखी एक स्तंभ मी घालते, तो फारशा तक्त्यांत दिसत नाही: ‘हे खरंच ते आहे का?’ तिथे ‘हो’ पडल्याशिवाय दरांची बोलणी सुरू करायची नाहीत. निर्मातीबाईंना हे उलटं वाटतं. त्यांना आधी आकडा हवा असतो, कारण बजेट त्यांना सादर करायचं असतं. पण चुकीच्या शॉटचा आकडा कळून करायचं काय?

८ जानेवारी

राइट बंधू. कटमध्ये पट्टी आहे: ‘१७ डिसेंबर १९०३, पहिलं उड्डाण’. खाली हलतं चित्र. विमान रुळावरून सुटतं, वर उचललं जातं, वळसा घेतं.

त्या दिवसाचं हलतं चित्र अस्तित्वातच नाही. आहे तो एक स्थिर फोटो. ऑरव्हिल राइटने कॅमेरा तिकाटण्यावर लावून ठेवला होता आणि जॉन डॅनियल्स नावाच्या, तिथल्या जीवरक्षक ठाण्यावरच्या माणसाने शटर दाबलं. काचेची मूळ निगेटिव्ह लायब्ररी ऑफ काँग्रेसकडे आहे. पहिलं उड्डाण १२ सेकंदांचं, १२० फुटांचं. त्या दिवसातलं सर्वांत लांब उड्डाण चौथं, ५९ सेकंदांचं.

मग कटमधलं फुटेज कुठलं? फ्रेम थांबवून पाहिलं. दोन गोष्टी लगेच दिसतात. एक, वैमानिक बसलेला आहे आणि त्याच्या शेजारी आणखी एक जण आहे. १९०३च्या यंत्रात वैमानिक पालथा झोपून विमान चालवायचा, दुसऱ्या माणसाला जागाच नव्हती. दोन, मागे लाकडी मनोरा उभा आहे. त्यावरून वजन खाली सोडून विमानाला पुढे ढकलायची ही युक्ती. ती राइट बंधूंनी १९०४च्या सप्टेंबरपासून वापरली. पहिलं उड्डाण झालं त्या किटी हॉकला त्यांना समोरून जोरदार वारा मिळत होता, मनोऱ्याची गरजच नव्हती. शिवाय पायाखाली वाळू हवी, इथे गवत आहे. म्हणजे हे १९०८-०९च्या सुमाराचं, लष्करासमोरच्या चाचण्यांचं नाहीतर युरोपातल्या प्रात्यक्षिकांचं. एप्रिल १९०९मध्ये रोमजवळ सेंटोचेल्ले इथे विल्बर राइटच्या विमानात कॅमेरा बसवून उडतानाचं चित्रीकरणही झालं होतं. पंखाच्या दोऱ्यांमधून खाली सरकणारी जमीन दिसते ते हेच. कटमध्ये तेही याच पट्टीखाली दडपून दिलंय.

गंमत म्हणजे हक्कांच्या बाजूने हे सर्वांत सोपं प्रकरण. अमेरिकेत कॉपीराइटची प्रकाशनापासून ९५ वर्षांची मुदत, त्यामुळे १९०९चं चित्रीकरण केव्हाच मोकळं झालं. फुकट आहे, फक्त ते १९०३चं नाही.

१२ जानेवारी

बैठक. दिग्दर्शकांना वर्ष बदलायचं नाही. पहिलं उड्डाण दाखवायचंच आहे. त्यांचा सहायक म्हणाला, “फोटो आहेच की. एआयने हलवून घेऊ. तेवढे बारा सेकंद.”

मी विरोध केला आणि लेखी केला. मेलमध्ये तीन गोष्टी लिहिल्या. पहिली, प्रेक्षकाला अस्सल फुटेज आणि बनवलेलं फुटेज यांतला फरक पडद्यावर कळत नाही. तो कळवण्याची जबाबदारी आपली. दुसरी, हा तुकडा चित्रपटातून कापला जाऊन उद्या ‘१९०३चं दुर्मीळ फुटेज’ म्हणून फिरेल आणि पुढच्या माहितीपटाचा कोणीतरी मला त्याचा मास्टर मागेल. तिसरी, आर्काइव्हल प्रोड्यूसर्स अलायन्स या जुनं फुटेज शोधणाऱ्यांच्या संघटनेने सप्टेंबर २०२४मध्ये माहितीपटांतल्या एआय वापराबद्दल मार्गदर्शक सूचना काढल्या आहेत. वाहिन्यांकडून त्याबद्दल विचारणा होऊ शकते, तेव्हा आपलं उत्तर तयार हवं.

तोडगा संकलकाने काढला. फोटो पूर्ण पडद्यावर, बारा सेकंद स्थिर. आवाज फक्त वाऱ्याचा, पट्टीत ‘हा एकच फोटो’ एवढाच मजकूर. मग कट टू १९०९. दिग्दर्शक आधी गप्प राहिले आणि मग म्हणाले, “हे जास्त बरं आहे.” त्यांनी ते स्वतःचंच सुचवणं असल्यासारखं पुढे नेलं. मला चालतं.

१५ जानेवारी

चौकशीचे मेल गेले. ‘आमच्या चित्रपटासाठी हिंडेनबर्गचं काही आहे का’ असा मेल आला की संग्रहालयातला माणूस तो बाजूला ठेवतो. म्हणून प्रत्येक मेलमध्ये शॉटचं स्थिरचित्र, हवी ती लांबी, वापर कुठे, कट केव्हा बंद होणार हे सगळं घातलं.

२० जानेवारी

हिंडेनबर्ग. ६ मे १९३७, लेकहर्स्ट, न्यू जर्सी. संध्याकाळी साडेसातच्या आधी आग, सुमारे अर्ध्या मिनिटात सगळं जमिनीवर. जहाजावर ९७ माणसं होती, त्यांतली ३५ गेली, आणि जमिनीवरचा एक कर्मचारी.

मैदानावर चार न्यूजरील (चित्रपटगृहांत दाखवायचे बातमीपट) कंपन्यांचे कॅमेरे होते: पाथे, मूव्हीटोन, हर्स्टची न्यूज ऑफ द डे आणि पॅरामाउंट. एकाच्याही फिल्मवर आग लागण्याचा क्षण नाही. सगळे कॅमेरे दोर पकडणाऱ्या लोकांकडे किंवा भलतीकडे होते. ‘स्फोटाचा नेमका क्षण’ असं नाव असलेली क्लिप म्हणूनच मी आधी संशयाने पाहते.

चार कंपन्यांच्या चार वाटा झाल्या. न्यूजरीलचा धंदा टीव्हीने संपवला आणि मागे राहिलेल्या फिल्मच्या डब्यांचे वारस वेगवेगळे निघाले. फॉक्स मूव्हीटोनचा मोठा संग्रह साउथ कॅरोलायना विद्यापीठात, हर्स्टचा लॉस एंजेलिसमधल्या कॅलिफोर्निया विद्यापीठात. या चारांत नसलेल्या युनिव्हर्सलने आपली १९२९ ते १९६७ची न्यूजरील्स अमेरिकेच्या राष्ट्रीय अभिलेखागाराला देऊन टाकली, हक्कांसकट. मात्र त्यातल्या न वापरलेल्या शॉटांचा मोठा भाग १९७८च्या आगीत गेला. नायट्रेट फिल्म. ती पेटली की पाण्यानेही विझत नाही, कारण जळायला लागणारा ऑक्सिजन ती स्वतःच पुरवते. आज कोणी म्हणालं की ‘युनिव्हर्सलचे आउटटेक बघा ना’, तर उत्तर बहुतेक वेळा हेच असतं.

डब्यांबरोबर डोप शीट असेल तर नशीब. कॅमेरामनने त्याच दिवशी टाइप करून पाठवलेला कागद: कुठला रोल, कुठली जागा, कोण उभं आहे, प्रकाश कसा होता. कॅटलॉगमधलं वर्णन कोणीतरी नंतर कार्यालयात बसून लिहिलेलं असतं. डोप शीट मैदानावरची असते. दोन्हींत फरक दिसला की मी डोप शीटच्या बाजूने उभी राहते.

कटमध्ये अपघाताच्या आधी जहाज न्यूयॉर्कच्या इमारतींवरून शांतपणे जातं. निवेदन म्हणतं, ‘त्या दुपारी…’ शॉट मोठा करून पाहिला. जहाजाच्या कुशीवर ऑलिंपिकची पाच वर्तुळं आहेत. ती १९३६च्या बर्लिन ऑलिंपिकसाठी रंगवलेली. म्हणजे हा प्रवास आदल्या वर्षीचा. संकलकाला कळवलं. ‘त्या दुपारी’ गेलं, ‘आदल्या वर्षी’ आलं. शॉट तसाच राहिला, उलट निवेदनाला थोडी खोली मिळाली.

२३ जानेवारी

आवाज. हिंडेनबर्ग जळताना रेडिओ वार्ताहर हर्बर्ट मॉरिसनने केलेलं रडवेलं निवेदन दिग्दर्शकांना आगीच्या चित्रावर हवंय. सगळ्यांनाच हवं असतं. गेली कित्येक दशकं ते इतक्या वेळा एकत्र लावलंय की ते मुळात एकत्रच होतं असं लोक समजतात. तसं नव्हतं. मॉरिसन शिकागोच्या डब्ल्यूएलएस रेडिओचा. तो आणि त्याचा तंत्रज्ञ चार्ल्स नेलसन ध्वनिमुद्रण करत होते, थेट प्रसारण चालू नव्हतं. आवाज तबकडीवर कोरला जात होता. स्फोटाच्या धक्क्याने कोरणारी सुई उडाली, नेलसनने ती हलक्या हाताने परत टेकवली. न्यूजरीलच्या कॅमेऱ्यांचा या तबकडीशी काही संबंध नव्हता.

म्हणजे चित्र आणि आवाज यांचे हक्क वेगळे, मालक वेगळे, मुदती वेगळ्या. अमेरिकेत १९७२पूर्वीच्या ध्वनिमुद्रणांना केंद्रीय कॉपीराइट नव्हता. २०१८च्या कायद्याने ते त्या चौकटीत आणले. १९२३ ते १९४६ दरम्यान प्रथम प्रकाशित झालेल्या मुद्रणांना शंभर वर्षं. त्यामुळे चित्र मोकळं निघालं तरी आवाज मोकळा निघेलच असं नाही. वकिलांकडे स्वतंत्र प्रश्न म्हणून पाठवला.

आणखी एक: मुद्रण करताना यंत्र किंचित हळू फिरत होतं. त्यामुळे नेहमीच्या वेगाने वाजवलं की मॉरिसनचा आवाज खरा होता त्यापेक्षा वरच्या पट्टीत आणि घाईत येतो. त्याच माणसाची इतर मुद्रणं ऐकली तर आवाज बराच खोल आहे. ध्वनिसंयोजकाला दोन्ही पाठवली. तो म्हणाला, खालच्या पट्टीत तो घाबरलेला कमी आणि हतबल जास्त वाटतो. दिग्दर्शकांनी अजून ऐकलेलं नाही.

२९ जानेवारी

टॅकोमा. हा दिवस पूर्ण याच शॉटांवर गेला आणि जायलाच हवा होता, कारण चित्रपटाचा शेवट यावर उभा आहे.

पूल १ जुलै १९४०ला खुला झाला, ७ नोव्हेंबर १९४०ला पडला. मधला गाळा २,८०० फुटांचा, वारा ताशी ६४ किलोमीटरच्या आसपास. म्हणजे वादळ म्हणावं असा काही नव्हता, आणि माहितीपटाचा मुद्दाच तो आहे. माणूस कोणी मेला नाही. एका पत्रकाराच्या मोटारीत अडकलेला टबी नावाचा कुत्रा तेवढा गेला.

चित्रीकरण गावातल्या कॅमेरा दुकानाच्या दोन मालकांनी केलं, बार्नी एलियट आणि हार्बाइन मन्रो. १६ मिलिमीटर, कोडॅक्रोम, म्हणजे रंगीत. जगभर फिरतं ते बहुतेक काळं-पांढरं, कारण त्या काळच्या न्यूजरील कंपन्यांनी ते ३५ मिलिमीटरच्या काळ्या-पांढऱ्या फिल्मवर उतरवून घेतलं. त्या उतरवण्यात आणखी एक घोळ झाला. दोघांपैकी मन्रोचा कॅमेरा सेकंदाला २४ फ्रेमने चालत होता, एलियटचा १६ने. पुढे सगळंच २४ने दाखवलं गेलं. १६ने घेतलेलं २४ने दाखवलं की सगळं दीडपट वेगाने हलतं.

हे वाचून माहीत होतं, पण कटमधली क्लिप कोणत्या वर्गातली हे मोजूनच कळणार. पुलाचा रस्ता एका बाजूला पूर्ण कलतो, उलट्या बाजूला पूर्ण कलतो आणि परत पहिल्या जागी येतो, ते एक आवर्तन. त्या दिवशी पुलावर उभे राहून निरीक्षण करणारे वॉशिंग्टन विद्यापीठाचे प्राध्यापक फार्कुहारसन यांच्या नोंदीनुसार पिळवटणं मिनिटाला सुमारे १२ आवर्तनांचं होतं. एका आवर्तनाला पाच सेकंद. कटमधल्या क्लिपवर स्टॉपवॉच लावलं: सव्वातीन-साडेतीन सेकंदांच्या मधे. पुन्हा लावलं, तेच. मिनिटाला अठराच्या आसपास. म्हणजे दीडपट, अगदी पुस्तकात लिहिल्यासारखं.

मग एजन्सीने पाठवलेल्या स्क्रीनरवर (फक्त पाहण्यापुरत्या प्रतीवर) लावलं. वॉटरमार्क, डाव्या कोपऱ्यात टाइमकोड, नाव ‘मूळ मास्टरवरून’. तेही साडेतीनच्या आतच. मूळ मास्टर असं नाव द्यायला काही लागत नाही.

३ फेब्रुवारी

संकलकाशी टॅकोमावर तासभर. त्याने विचारलं, “ताई, खरा वेग लावला तर पूल रबराचा वाटणार नाही. मग लोकांना धक्का कसा बसणार?”

मी म्हटलं, “लावून तर बघ.”

लावून पाहिलं. दीडपट वेगात पूल कार्टूनसारखा नाचतो, पडायला आलाय हे पहिल्या सेकंदाला कळतं. खऱ्या वेगात काँक्रीटचं आणि पोलादाचं वजन जाणवतं. एक बाजू वर येते, थांबते की काय वाटतं, आणि मग खाली जाते. फार्कुहारसन मधल्या रेषेवरून चालत येतात तो शॉट तर पूर्ण बदलतो. आधी ते पळताना दिसायचे, आता तोल सांभाळत चालताना दिसतात. मधली रेषा सोडून बाजूला झालं तर पाय जमिनीवर टिकणार नाही हे त्यांना माहीत होतं, आणि ते त्यांच्या चालण्यात दिसतं.

संकलक बराच वेळ काही बोलला नाही. मग संगीताचा ट्रॅक काढून टाकला. खऱ्या वेगामुळे तो भाग लांबला, आता दुसरीकडून कापावं लागेल. आणि लांबला म्हणजे परवान्याचे सेकंदही वाढले, ही बातमी निर्मातीबाईंना मी दिली, त्याने नाही.

९ फेब्रुवारी

निर्मातीबाईंचा प्रश्न: “मोकळं आहे म्हणता, मग पैसे कसले?”

हा प्रश्न प्रत्येक प्रकल्पात येतो, म्हणून उत्तर इथे नीट लिहून ठेवते. अमेरिकी सरकारी कर्मचाऱ्यांनी कामाचा भाग म्हणून केलेल्या चित्रीकरणाला तिथे कॉपीराइट नाही, नासाचं बहुतेक फुटेज त्यातलं. पण कॉपीराइट नसणं आणि वापरता येईल अशी फाइल हातात असणं या दोन गोष्टी आहेत. फिल्म कोणाच्या तरी थंड तिजोरीत आहे. ती बाहेर काढणं, तपासणं, स्कॅन करणं याचं शुल्क लागतं, आणि ते हक्कांचं शुल्क नसतं. दुसरं, सरकारी चित्रपटात बाहेरून घेतलेले शॉट आणि संगीत असू शकतं, त्यांचे हक्क सरकारचे नाहीत. म्हणून न्यूजरील असो की सरकारी फिल्म, मी आवाजाचा ट्रॅक काढूनच घेते. तिसरं, नासाचं बोधचिन्ह आणि ओळखू येणारी माणसं यांबद्दल त्यांचे वेगळे नियम आहेत.

१९३७च्या न्यूजरीलबद्दल अमेरिकेतला जुना नियम कामाला येतो. १९६४पूर्वी प्रकाशित झालेल्या कामाचा कॉपीराइट अठ्ठाविसाव्या वर्षी नूतनीकरण करून घ्यावा लागे. केला नाही तर संपला. म्हणून १९६४ आणि १९६५चे कॉपीराइट नोंदींचे छापील खंड चाळायचे. ते स्कॅन होऊन उपलब्ध आहेत. शोधपेटीवर भरवसा ठेवत नाही, यंत्राने वाचलेल्या जुन्या छपाईत नावं मोडतात. पान उघडून डोळ्यांनी. एका न्यूजरीलचं नूतनीकरण सापडलं, दुसऱ्याचं नाही. सापडलं नाही म्हणजे नाहीच असं मी लिहीत नाही. ‘या खंडांत आढळलं नाही’ असं लिहिते आणि पानांचे फोटो जोडते. वकिलांना शब्द हाच हवा असतो.

१३ फेब्रुवारी

विचित्र विमानांचा मॉन्टाज, म्हणजे एकामागोमाग जोडलेले छोटे शॉट. वर-खाली उसळणारी छत्री, पंखांचे मजले कोसळणारं यंत्र, पाठीला पंख बांधून पळणारा माणूस. प्रत्येकाने हे कुठे ना कुठे पाहिलेलं असतं.

त्यातला एकच शॉट तीन एजन्सींकडे मिळाला, तीन वेगवेगळ्या वर्षांसह. तिघांचे दर वेगळे आणि तिघांनीही मालकीची हमी द्यायला नकार दिला. एकाच्या करारात स्पष्टच होतं: ‘आहे त्या स्थितीत’ पुरवठा, तिसऱ्या पक्षाच्या दाव्याची जबाबदारी परवानाधारकाची. म्हणजे पैसे आम्ही द्यायचे आणि उद्या खटला झाला तर तोही आम्हीच लढायचा. मग ते विकतात काय? फाइल विकतात. ती वाईट गोष्ट नाही, पण तिला परवाना म्हणू नये.

अनाथ, म्हणजे मालक सापडत नाही अशा फुटेजसाठी ब्रिटनमध्ये २०१४पासून सरकारी योजना आहे. शोध घेतल्याचा पुरावा दिला तर परवाना मिळतो. पण तो फक्त ब्रिटनपुरता आणि जास्तीत जास्त सात वर्षांचा. जगभर दाखवायच्या चित्रपटाला त्याचा उपयोग नाही.

निर्णय: मॉन्टाज अर्धा करायचा. ज्यांचं मूळ न्यूजरील अंक आणि तारखेसकट सापडलं तेवढेच ठेवायचे. छत्री गेली. दिग्दर्शक हळहळले. मला छत्री तशीही कंटाळवाणी वाटते.

२० फेब्रुवारी

दरांची बोलणी. आकड्यांपेक्षा व्याख्या महत्त्वाच्या. कुठल्या माध्यमात, किती प्रदेशात, किती वर्षं. यांतलं काहीही बदललं की दर बदलतो. निर्मातीबाईंना सुरुवातीला फक्त महोत्सवांचा परवाना घ्यायचा होता, स्वस्त म्हणून. मी सांगितलं, ते ठीक, पण पुढच्या टप्प्यांचे दर आजच करारात लिहून घ्या. चित्रपट विकला गेल्यावर एजन्सीकडे परत गेलात तर त्यांना माहीत असतं की तुम्हाला तो शॉट काढता येणार नाही. त्या क्षणी घासाघीस करायची ताकद शून्य.

सर्व माध्यमं, संपूर्ण जग, कायमस्वरूपी: वितरकाला हेच हवं असतं. एक संग्रहालय कायमस्वरूपी देतच नाही, दहा वर्षं म्हणजे दहा वर्षं. मान्य केलं.

किमान सेकंदांची अट सगळीकडे. आपण चार सेकंद वापरले तरी बिल तीस सेकंदांचं. म्हणून विखुरलेले शॉट शक्य तितके एकाच स्रोताकडून घेण्याचा प्रयत्न चालू आहे. लेकहर्स्टचे जमिनीवरचे शॉट दोन ठिकाणांहून येत होते, ते एकाकडेच मिळाले.

एका एजन्सीने ‘मोस्ट फेवर्ड नेशन्स’ कलम मागितलं. दुसऱ्या कोणाला जास्त दर दिला तर त्यांनाही तोच द्यायचा. एका महागड्या शॉटमुळे सगळ्यांचे दर वर जातात. नाही म्हटलं. त्यांनी ते सहज सोडलं, म्हणजे सवयीने घातलेलं असणार.

२४ फेब्रुवारी

उत्तरांची वाट. ज्या संग्रहालयात एकच माणूस फुटेज सांभाळतो तिथून उत्तर उशिरा येतं, पण ते नेमकं असतं.

४ मार्च

टॅकोमाचा रंगीत स्कॅन आला. आकाश करडं, पुलाचे दिवे स्पष्ट, रस्त्यावरची मोटार ओळखू येते. फ्रेम जशा कॅमेऱ्यात होत्या तशा, एकामागोमाग एक, वेग आपण ठरवायचा. हीच मागणी केली होती: वेग ‘दुरुस्त’ करून पाठवू नका, मूळ फ्रेमच द्या. सोळाचे चोवीस करताना यंत्र काही फ्रेम दुप्पट छापतं नाहीतर मधल्या फ्रेम स्वतः बनवतं. बनवलेल्या फ्रेम नकोत.

स्टॉपवॉच लावलं, सोळाला. पाच सेकंद.

चौकटीवरून वाद. जुनं चित्र जवळपास चौकोनी, आपला पडदा रुंद. दिग्दर्शकांना पडदा भरून हवा. भरायचा म्हणजे वरचं-खालचं मिळून साधारण चौथा हिस्सा कापायचा. टॅकोमाच्या त्या शॉटात खाली पाणी आहे आणि वर मनोऱ्याचं टोक. दोन्हींपैकी एक गेलं की पूल किती उंचावर आहे हे कळतच नाही. दोन्ही रूपं शेजारी लावून दाखवली. कडेला काळ्या पट्ट्या राहिल्या. हिंडेनबर्गला मात्र ते कापून घेणार आहेत. तिथे मी जोर लावला नाही, परवाना तेवढी मोकळीक देतो.

रंग भरण्याची मोकळीक मात्र देत नाही. ते विचारलं गेलं, आणि करारातलं कलम दाखवून संपलं.

१२ मार्च

वकिलांबरोबर बैठक. चुका-वगळणुकीच्या विम्याशिवाय (हक्कांवरून कोणी दावा केला तर संरक्षण देणारा विमा) वितरक चित्रपट घेणार नाही, आणि विमा कंपनी तक्ता मागणार. माझा तक्ता त्यांनी ओळ न् ओळ तपासला. बहुतेक वेळ गेला मॉरिसनच्या आवाजावर. अखेर परवाना घेऊनच वापरायचा असं ठरलं, ‘उचित वापर’ (परवान्याशिवाय मर्यादित वापराची कायद्यातली मुभा) म्हणून पुढे जायचं नाही. पंधरा सेकंदांच्या भावनेसाठी कायद्याचा बचाव उभा करणं महाग पडतं असं त्यांचं मत. माझंही तेच होतं.

दिग्दर्शकांनी खालच्या पट्टीतला आवाज ऐकला. तोच ठेवला. आणि तो आगीच्या चित्रावर नाही: आग शांत, आवाजाशिवाय. नंतर काळा पडदा आणि मॉरिसन. दोन वेगळ्या नोंदी वेगळ्याच राहिल्या.

१९ मार्च

पिक्चर लॉक, म्हणजे कट आता बदलणार नाही. प्रत्येक शॉट पुन्हा मोजला, पहिल्या फ्रेमपासून शेवटच्या फ्रेमपर्यंत, डिझॉल्व्हमध्ये (एक शॉट दुसऱ्यात विरघळतो तिथे) मिसळलेल्या फ्रेमही धरून. त्या न धरता सेकंद कळवण्याची पद्धत आहे, पण एजन्सी तपासते तेव्हा त्या धरूनच तपासते. दोन स्रोतांकडून घेतलेले सेकंद कमी झाले, टॅकोमाचे वाढले. सुधारित पत्रं पाठवली. त्यात एक शॉट असा निघाला की त्याच्या मागे-पुढे कटमध्ये काहीच उरलं नव्हतं, आणि तोही सहज निघाला. त्याच्या किमान तीस सेकंदांची बचत झाली.

२७ मार्च

सुपूर्द केलेलं: परवान्यांच्या सह्या झालेल्या प्रती, मोकळ्या फुटेजच्या शोधाचे कागद पानांच्या फोटोंसह, अंतिम तक्ता, श्रेयनामावलीसाठी प्रत्येक स्रोताचं नाव त्यांनी सांगितलं त्याच शब्दांत. एका संग्रहालयाला नावाआधी ‘सौजन्य’ हवं, दुसऱ्याला नको, दोन्ही तसंच.

स्क्रीनर पुसले. करारांनुसार वापरात न आलेल्या प्रती ठेवता येत नाहीत आणि तसं लेखी कळवावं लागतं, ते कळवलं. संकलकाच्या जुन्या प्रोजेक्ट फाइलमध्ये यूट्यूबवरून उतरवलेली टॅकोमाची क्लिप अजून पडलेली होती, तीही काढायला लावली.

दहा वर्षांचा जो एक परवाना आहे, त्याची मुदत निर्मातीबाईंच्या कॅलेंडरमध्ये टाकली. आठवण एक वर्ष आधी वाजेल.